जेरार्ड दामियानो : यश आणि त्याची किंमत

अमेरिकेतील प्रौढांसाठीच्या चित्रपटांना आडबाजूच्या थिएटरांतून सुशिक्षितांच्या चर्चेत आणणारे दिग्दर्शक म्हणजे जेरार्ड दामियानो. १९२८ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात जन्मलेले दामियानो केशरचनेच्या व्यवसायात स्थिरावले होते. चाळिशीच्या सुमारास ते चित्रपटाकडे वळले.

१९७२ मध्ये फ्लोरिडात, सुमारे २५ हजार डॉलर खर्चून काही दिवसांत चित्रित केलेल्या ‘डीप थ्रोट’ने खळबळ माजविली. अश्लीलतेच्या खटल्यांनी प्रसिद्धीत भरच पडली. वॉटरगेट प्रकरणातील गुप्त खबऱ्यालाही याच चित्रपटाचे नाव मिळाले. अमाप पैसा मात्र माफियांशी संबंधित भांडवलदारांकडे गेला. दामियानोंना किरकोळ रकमेवर आपला वाटा सोडावा लागला. १९७३ च्या ‘द डेव्हिल इन मिस जोन्स’ची समीक्षकांनी गांभीर्याने दखल घेतली.

१९८० मध्ये नायिका लिंडा लव्हलेस यांनी आत्मचरित्रात आरोप केला, की तेव्हाच्या पतीने मारहाण करून आपल्याला या चित्रपटांत काम करायला भाग पाडले. लैंगिक मुक्ततेचे प्रतीक मानल्या गेलेल्या ‘डीप थ्रोट’कडे पाहण्याची दृष्टीच त्यामुळे बदलली. २००८ मध्ये वयाच्या ८० व्या वर्षी दामियानो निवर्तले. कॅमेऱ्यासमोरील स्त्रीची संमती खरी होती काय, हा प्रश्न मात्र त्यांच्या कीर्तीला कायमचा चिकटून राहिला.