कॅमेरा कोल्हापुरात बनवला आणि शेतकऱ्याची फरफट पडद्यावर आणली!

मल्याळम सिनेमा पाहिला की वाटतं, साध्या माणसाचं जगणं आपल्या पडद्यावर असं का येत नाही? पण मल्याळममधला पहिला मूकपट यायच्या आधीच, १९२५ साली, कोल्हापूरच्या एका माणसाने हे करून दाखवलं होतं.

ते बाबूराव मेस्त्री. जन्म ३ जून १८९० चा. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे, म्हणून नाव पडलं बाबूराव पेंटर. फाळक्यांचा सिनेमा पाहून त्यांनी आतेभाऊ आनंदरावांसोबत स्वतःच कॅमेरा बनवायला घेतला. १९१६ साली आनंदराव गेले. बाबूरावांनी दामलेंच्या मदतीने तो पूर्ण केला.

१९२० साली 'सैरंध्री' आला. स्त्रियांच्या भूमिका पुरुष करायचे, त्या काळात इथे त्या स्त्रियांनीच केल्या. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हणून गौरवलं.

पौराणिक चित्रपट जोरात चालत असताना बाबूरावांनी मात्र ना. ह. आपट्यांच्या कथेवर 'सावकारी पाश' काढला. सावकार जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात मजूर होतो, ही त्याची गोष्ट. तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम.

गल्ला फारसा जमला नाही. १९२९ साली शांताराम, दामले, फत्तेलाल बाहेर पडले आणि 'प्रभात' उभी राहिली. तरी १९३६ साली बाबूरावांनी 'सावकारी पाश' पुन्हा काढला, यावेळी बोलपट.

१६ जानेवारी १९५४ ला ते गेले. मूळ मूकपट आज उपलब्ध नाही. पण जमीन गमावून शहराची वाट धरणारा शेतकरी अजूनही आपल्या आसपास आहे.