मयतीचे पैसे

आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. सॅम्युअल फुलरने तर शाळाही पुरी केली नाही. १९१२ साली अमेरिकेत जन्मलेला हा मुलगा वडील वारल्यावर न्यूयॉर्कला आला, वृत्तपत्राच्या कचेरीत पोऱ्या म्हणून लागला आणि सतराव्या वर्षी गुन्ह्यांच्या बातम्या लिहू लागला. पुढे महायुद्धात पायदळात लढला. मग चित्रपट काढले.

१९५३ च्या त्याच्या ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’मध्ये मो नावाची म्हातारी आहे. ती टाय विकते, पोलिसांना खबरा विकते. पैसे कशासाठी? तर बेवारशांत पुरले जाऊ नये म्हणून, स्वतःच्या कबरीसाठी! माझी आजीही पत्र्याच्या पेटीत मयतीचे पैसे वेगळे ठेवते. मग मोला नावे कोणत्या तोंडाने ठेवू? तिचा खून होतो, तेव्हा तिचे प्रेत सोडवून आणतो तो खिसेकापूच. तिने त्याचीच खबर विकलेली असते. या खिसेकापूला देशाची पर्वा नाही, हे एफबीआयचे प्रमुख हूव्हर यांना रुचले नाही.

१९६४ नंतर फुलरला कामे मिळेनाशी झाली. स्वतः पाहिलेल्या युद्धावरचा ‘द बिग रेड वन’ यायला १९८० उजाडले, तोही कंपनीने कापूनच दाखवला. १९९७ मध्ये तो वारला.