चाकांचा चरित्रकार : जॉर्ज स्टर्ट

इंग्लंडच्या दक्षिणेस सरे परगण्यात फार्नम हे बाजारपेठेचे जुने गाव आहे. तेथे गाड्या व चाके बनविणाऱ्या एका कुटुंबात १८ जून १८६३ रोजी जॉर्ज स्टर्ट यांचा जन्म झाला. रस्किनच्या विचारांनी भारावलेला हा तरुण शाळेत शिकवीत असे. १८८४ साली वडील निवर्तले आणि आजोबांपासून चालत आलेल्या कारखान्याची जबाबदारी त्यांच्यावर येऊन पडली.

हत्यारांची सवय नसलेल्या या मालकाचे खरे गुरू त्यांच्या पदरचे कारागीरच ठरले. तुंब्याला एल्मचे लाकूड, आऱ्यांना ओकचे, पुठ्ठ्यांना अ‍ॅशचे किंवा बीचचे. आरे करवतीने न कापता शिरेप्रमाणे फोडून काढावयाचे. लाकूड वर्षानुवर्षे मुरू द्यावयाचे. आणि शेवटी तापवलेली लोखंडी धाव चढवावयाची. चाकाला बशीसारखा खोलगटपणा हवा, हे कारागिरांचे हात जाणत होते. त्यामागील कारण मात्र कोणी सांगत नसे. घोडा चालताना डावी-उजवीकडे झुलतो, त्यामुळे ओझ्याचा आडवा रेटा चाकावर येतो, हे स्टर्ट यांना बऱ्याच काळानंतर उमगले.

हिशेब तपासता कित्येक वस्तू खर्चापेक्षा कमी दराने विकल्या जात असल्याचे आढळले. दर रूढीने ठरलेले होते. नगावर मजुरी देऊन घाईचे काम करवून घेणे स्टर्ट यांना रुचेना. अखेर १८८९ च्या सुमारास त्यांनी गॅसवर चालणारे इंजिन आणि यांत्रिक करवती बसविल्या. धंदा तगला; परंतु ज्या कारागिरीवर त्यांची श्रद्धा होती, तिच्या अस्ताचा आरंभ त्यांच्याच हातून झाला. या जाणिवेने त्यांचे पुढील लेखन व्यापलेले आहे.

१८९१ मध्ये ते जवळच्या बोर्न या वस्तीत राहावयास गेले. तिच्यावरूनच त्यांनी ‘जॉर्ज बोर्न’ हे टोपणनाव घेतले. आपल्या बागेत राबणाऱ्या वृद्ध मजुराचे बोलणे ते नेमाने टिपून ठेवीत. त्या टिपणांतून, त्याचे नाव बदलून, १९०१ व १९०७ साली दोन ग्रंथ सिद्ध झाले. १९१२ च्या ‘चेंज इन द व्हिलेज’मध्ये त्यांनी १८६१ साली गावाच्या सामाईक माळाची वाटणी झाल्याची हकीकत मांडली. माळ गेला, त्याबरोबर गाईची चराई आणि चुलीचे सरपणही गेले, आणि गरीब कुटुंबे केवळ रोजंदारीवर अवलंबून राहिली.

१९१६ साली त्यांना पक्षाघाताचा झटका आला. तशाही अवस्थेत त्यांनी कारखान्याच्या आठवणी लिहून काढल्या. ‘द व्हीलराइट्स शॉप’ हा ग्रंथ १९२३ साली केंब्रिज विद्यापीठाच्या छापखान्याने प्रसिद्ध केला. ४ फेब्रुवारी १९२७ रोजी त्यांचे निधन झाले. पुढे १९३३ मध्ये एफ. आर. लीव्हिस व डेनिस थॉम्पसन यांनी संस्कृतीविषयीच्या आपल्या पाठ्यग्रंथात या पुस्तकाचा मोठा आधार घेतला.

ज्यांनी आयुष्यात कधी पुस्तक लिहिले नसते, अशा माणसांचे ज्ञान स्टर्ट यांनी पुस्तकात आणून ठेवले. यंत्राने जे हिरावले त्याचे ऋण त्यांनी लेखणीने असे फेडले.