सरांनी सांगितलेला जिम थॉर्प

मित्रमैत्रिणींनो, 1979 साली आपण नववीत होतो. तालुक्याच्या कबड्डी स्पर्धेच्या आदल्या दिवशी माझं नाव संघातून कापलं गेलं, हे तुमच्यापैकी काहींना आठवत असेल. जत्रेतल्या सामन्यात मी पाच रुपये घेऊन खेळलो, अशी तक्रार होती. तक्रार खरी होती. त्या संध्याकाळी पी.टी.च्या सरांनी मला मैदानाच्या कट्ट्यावर बसवून जिम थॉर्पची गोष्ट सांगितली.

थॉर्प अमेरिकेतल्या सॅक अँड फॉक्स या मूलनिवासी जमातीचा, ओक्लाहोमाकडचा. जुळा भाऊ लहानपणीच गेला, पुढे आईवडीलही. पेनसिल्व्हेनियात कार्लाइल इथल्या सरकारी निवासी शाळेत त्याचा खेळ फुलला. 1912 च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये त्याने पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन अशी दोन सुवर्णपदकं जिंकली. पेंटॅथलॉनच्या पाचपैकी चार प्रकारांत तो पहिला आला.

1913 च्या जानेवारीत बातमी फुटली. 1909 आणि 1910 मध्ये नॉर्थ कॅरोलिनात त्याने थोड्या पैशांसाठी बेसबॉल खेळलं होतं. कॉलेजातली बरीच पोरं तेव्हा खोट्या नावाने खेळत. हा स्वतःच्या नावाने खेळला आणि सापडला. आक्षेप 30 दिवसांत घ्यायचा नियम होता. ती मुदत केव्हाच टळली होती, तरी पदकं काढून घेतली.

मग तो उजळ माथ्याने पैसे घेऊन खेळू लागला, तेही दोन खेळांत. 1913 मध्ये न्यूयॉर्क जायंट्सने त्याला बेसबॉलसाठी घेतलं. 1919 च्या शेवटच्या मोठ्या हंगामात त्याची फलंदाजीची सरासरी .327 होती. 1915 पासून कँटन बुलडॉग्जकडून तो अमेरिकन फुटबॉल खेळला, एका सामन्याचे 250 डॉलर घेऊन. आज एनएफएल म्हणतात त्या संघटनेचा 1920 मधला पहिला अध्यक्ष तोच. 1928 मध्ये फुटबॉलही थांबलं. पुढे मजुरी, सिनेमात किरकोळ कामं आणि 1953 मध्ये हलाखीत मृत्यू.

सरांची गोष्ट इथे संपली. माझं चुकलं नाही, असं काही ते म्हणाले नाहीत. दुसऱ्या दिवशी मात्र त्यांनी मला गुणफलक लिहायला संघाबरोबर नेलं.

ऑक्टोबर 1982 मध्ये थॉर्पची पदकं परत द्यायचं ठरलं. पेपरात वाचताच मी सायकल काढून सरांकडे गेलो. पण तेव्हा त्याला संयुक्त विजेता ठरवलं होतं. दुसरा आलेल्यांची नावंही शेजारी राहिली. सरांना ते खटकलं. तो एकटाच पहिला, हे जुलै 2022 मध्ये मान्य झालं. ते सांगायला सर नव्हते. म्हणून इथे, त्यांच्या शाळेच्या स्मरणिकेत, लिहून ठेवतोय.