खोपोलीत वीज आणणारे दोराबजी टाटा भारताला ऑलिम्पिकमध्येही घेऊन गेले होते

खोपोलीहून घाटाकडे नजर टाकली की डोंगरावरून खाली उतरणारे मोठाले पाइप दिसतात. वर लोणावळ्याच्या बाजूला धरणं आणि खाली टाटांचं पॉवर हाऊस. खालापूर तालुक्यातलं हे वीज केंद्र १९१५ साली सुरू झालं. शेजारच्या कर्जत तालुक्यातलं भिवपुरीचं केंद्र १९२२ साली आलं. मुंबईच्या गिरण्यांची चाकं या विजेवर फिरली.

ही दोन्ही केंद्रं ज्यांच्या कारकिर्दीत उभी राहिली, ते म्हणजे सर दोराबजी टाटा. उद्योगपती म्हणून त्यांचं नाव सगळ्यांना माहिती असतं. पण भारतीय ऑलिम्पिक असोसिएशनचे पहिले अध्यक्ष तेच होते, हे फार कमी लोकांना ठाऊक आहे.

दोराबजींचा जन्म २७ ऑगस्ट १८५९ चा, मुंबईतला. जमशेदजी टाटांचे हे थोरले चिरंजीव. शिक्षणासाठी ते इंग्लंडला गेले आणि केंब्रिजमध्ये क्रिकेट, फुटबॉलमध्ये रमले. परत आल्यावर मुंबईच्या सेंट झेवियर्समधून पदवी घेतली. पण लगेच वडिलांच्या धंद्यात शिरले नाहीत. आधी दोन वर्षं 'बॉम्बे गॅझेट' या वर्तमानपत्रात पत्रकारिता केली.

पुढे त्यांचं लग्न मेहरबाई भाभा यांच्याशी झालं. अणुशास्त्रज्ञ होमी भाभा यांच्या या आत्या. मेहरबाई साडी नेसून टेनिस खेळायच्या आणि स्पर्धाही जिंकायच्या. थोडक्यात, घरात दोघांनाही खेळाचं वेड.

१९०४ साली जमशेदजी गेले. पोलादाचा कारखाना, पाण्यापासून वीज आणि विज्ञान संस्था ही त्यांची तिन्ही स्वप्नं तेव्हा कागदावरच होती. ती पूर्ण करायची जबाबदारी दोराबजींवर आली. १९०७ साली टाटा स्टील आणि १९१० साली टाटा हायड्रो या कंपन्या स्थापन झाल्या. सह्याद्रीवर कोसळणारा पाऊस धरणांत साठवायचा, पाचशे मीटरहून खाली खोपोलीत सोडायचा आणि त्यावर टर्बाइन फिरवायची, अशी ही योजना होती.

आता येऊ खेळाकडे.

पुण्यातल्या डेक्कन जिमखान्याचे दोराबजी अध्यक्ष होते. १९१९ साली जिमखान्याच्या मैदानी स्पर्धांना ते हजर होते. धावणाऱ्यांमध्ये बरेच जण शेतकरी घरांतले होते. पायात बूट नाहीत, प्रशिक्षण नाही, शर्यतीचे नियमही नीट माहीत नाहीत. तरीही काहींची वेळ युरोपातल्या धावपटूंच्या जवळ जाणारी होती.

पुढच्याच वर्षी बेल्जियममधल्या अँटवर्पला ऑलिम्पिक होणार होतं. त्याआधी १९०० साली नॉर्मन प्रिचर्ड यांनी पॅरिसमध्ये दोन रौप्यपदकं मिळवली होती, पण ते एकटेच होते. भारताचा संघ म्हणून कोणी कधी गेलंच नव्हतं. कारण पाठवणार कोण? संघटना नव्हती आणि पैसाही नव्हता.

दोराबजींनी तीन धावपटूंना स्वतःच्या खर्चाने पाठवायची तयारी दाखवली. मग सरकार आणि लोकांकडूनही मदत उभी राहिली आणि शेवटी सहा जण अँटवर्पला गेले. बेळगावचे फडेप्पा चौगुले मॅरेथॉनमध्ये १९ वे आले. कुस्तीत रणधीर शिंदे कांस्यपदकाच्या लढतीपर्यंत पोहोचले. पदक मिळालं नाही, पण भारताचा संघ ऑलिम्पिकमध्ये उतरला होता.

त्याच वर्षी दोराबजी आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचे सदस्य झाले. १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकसाठी दिल्लीत देशभरातल्या खेळाडूंची निवड स्पर्धा झाली. १९२७ साली भारतीय ऑलिम्पिक असोसिएशन स्थापन झाली आणि दोराबजी तिचे अध्यक्ष झाले. पण ही खुर्ची त्यांनी धरून ठेवली नाही. पुढच्याच वर्षी ती पतियाळाचे महाराज भूपिंदर सिंग यांच्याकडे गेली. त्याच वर्षी अ‍ॅमस्टरडॅममध्ये भारतीय हॉकी संघाने पहिलं सुवर्णपदक जिंकलं.

पण याच काळाला दुसरीही बाजू आहे.

टाटांना विजेसाठी आणखी एक धरण हवं होतं, ते मुळशीला. त्यात मावळ्यांची भातखाचरं आणि गावंच्या गावं पाण्याखाली जाणार होती. १९२१ साली सेनापती बापट यांच्या नेतृत्वात मुळशी सत्याग्रह सुरू झाला. शेतकरी तुरुंगात गेले, पण लढा हरला आणि धरण झालं. त्याचं पाणी १९२७ पासून रायगडातल्या भिरा केंद्रात वीज तयार करू लागलं. पुण्यात ज्या शेतकरी पोरांचं धावणं दोराबजींनी हेरलं, तशाच घरांच्या जमिनी त्यांच्याच कंपनीच्या धरणात बुडाल्या. त्यांचं आयुष्य सांगताना हे सोडून देता येत नाही.

स्वतःचा पैसा लावायला मात्र दोराबजी कधी मागे हटले नाहीत. १९२४ साली टाटा स्टील बुडायच्या बेतात असताना त्यांनी स्वतःची संपत्ती गहाण टाकली. त्यात मेहरबाईंचा जुबिली हिराही होता. हा हिरा कोहिनूरच्या दुपटीहून मोठा.

१९३१ साली मेहरबाई ल्युकेमियाने गेल्या. त्यांना मूलबाळ नव्हतं. १९३२ साली दोराबजींनी हिऱ्यासकट जवळपास सगळी संपत्ती ट्रस्टला देऊन टाकली आणि ३ जून १९३२ रोजी जर्मनीत त्यांचं निधन झालं. इंग्लंडमधल्या ब्रूकवूड दफनभूमीत दोघांच्या कबरी शेजारी शेजारी आहेत.

त्या ट्रस्टच्या पैशातून पुढे मुंबईत टाटा मेमोरियल हॉस्पिटल उभं राहिलं. आज कर्जत-खालापूरमधूनही कॅन्सरचे पेशंट उपचारासाठी तिथेच जातात.