पु. ल. देशपांडे : पडद्यावरचे आणि आपल्या बेळगावचे

पुलंचा उल्लेख निघाला की आपल्या मंडळातले ज्येष्ठ सभासद हमखास सांगतात, ते आमच्या बेळगावचे प्राध्यापक. आणि ते खरेच आहे.

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. 'ऋग्वेदी' या नावाने लिहिणारे वामन मंगेश दुभाषी हे त्यांचे आजोबा. १९५५ मध्ये आकाशवाणीत जाण्यापूर्वी पुलंनी बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात मराठी शिकवले. तेव्हा बेळगाव आणि निपाणी मुंबई राज्यात होते. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली आणि आपला भाग म्हैसूर राज्यात गेला. गावे जागच्या जागी राहिली, माणसे मात्र कागदावर दुसऱ्या राज्याची झाली.

पुढे टेलिव्हिजनच्या शिक्षणासाठी पुलं लंडनला बीबीसीकडे गेले. १५ सप्टेंबर १९५९ ला दिल्लीत दूरदर्शन सुरू झाले, त्याच्या अगदी सुरुवातीच्या काळात त्यांनी तिथे काम केले. भारतीय टेलिव्हिजनवर पंडित नेहरूंची मुलाखत घेणारे ते पहिले. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई केंद्र सुरू झाले आणि पुलं मराठी घराघरांत दिसू लागले.

लेखक, नट, गायक, पेटीवादक, दिग्दर्शक यांतले खरे पुलं कोणते, हा प्रश्न अनेकांना पडे. 'गुळाचा गणपती' या १९५३ च्या चित्रपटात तर कथा, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका, सगळे त्यांचेच होते. पण कथाकथन करताना ना वेष असे, ना रंगभूषा. नुसत्या आवाजातून दुसरा माणूस उभा राही. त्या माणसांत आपले बेळगावचे रावसाहेबही आहेत. मराठीत कानडी मिसळून बोलणारे, तोंडाने फटकळ, मनाने लोण्यासारखे.

ही गोष्ट आपल्यासाठी मोठी आहे. आपले बोलणे धड मराठी नाही, धड कानडी नाही, असे आपल्यापैकी अनेकांनी पुण्या-मुंबईत ऐकून घेतले आहे. काहींनी तर तिकडे गेल्यावर तोंडच मिटून घेतले. पुलंनी तेच बोलणे साऱ्या महाराष्ट्रासमोर मांडले. लोक हसले, पण शेवटी रावसाहेबांसाठी डोळेही पुसले. आपल्या भाषेला हसणे आणि आपल्या भाषेतल्या माणसावर जीव लावणे, यांतला फरक तिथे कळतो.

१९७४ साली निपाणीपासून जवळच असलेल्या इचलकरंजीत साहित्य संमेलन भरले, त्याचे अध्यक्षही पुलंच होते.

१२ जून २००० रोजी पुण्यात पुलं गेले. तो त्यांच्या आणि सुनीताबाईंच्या लग्नाचा वाढदिवस होता. येत्या ८ नोव्हेंबरला घरातल्या मुलांना शेजारी बसवून 'रावसाहेब' जरूर ऐकवावे. आजी-आजोबांची बोली त्यांना तिथे भेटेल, आणि ती बोलायला लाजायचे कारण नाही हेही उमगेल.