मनाचा चित्रकार : एडव्हार्ड मुंक

नॉर्वे हा युरोपच्या उत्तर टोकाचा देश. तेथील हिवाळा लांबलचक आणि अंधारा. सूर्याने क्षितिजावर जरा वेळ डोकावावे आणि लगेच मावळावे, असे ते दिवस. या देशातील लोतेन येथे १२ डिसेंबर १८६३ रोजी एडव्हार्ड मुंकचा जन्म झाला. पुढच्याच वर्षी त्याचे कुटुंब राजधानीत राहावयास आले. त्या काळी क्रिस्तियानिया या नावाने ओळखले जाणारे ते नगर १९२५ सालापासून ओस्लो या नावाने प्रसिद्ध आहे.

एडव्हार्डचे वडील सैन्यात डॉक्टर होते. ते मोठे धर्मनिष्ठ आणि करारी होते. पण संध्याकाळी मुलांना जवळ घेऊन इतिहासातील व भुताखेतांच्या गोष्टी रंगवून सांगत. घरात पाच भावंडे. मिळकत बेताची, तरी संसार सुखाचा चालला होता. पण या घरावर क्षयरोगाची छाया पडली. त्या काळी या रोगावर औषध नव्हते. १८६८ साली एडव्हार्डची आई क्षयाने वारली. तो तेव्हा अवघा पाच वर्षांचा होता. आईच्या मागे कारेन मावशीने त्या पोरक्या मुलांचा सांभाळ केला. मावशीला चित्रकलेची आवड होती. एडव्हार्ड वरचेवर आजारी पडे, त्यामुळे हिवाळ्यात त्याची शाळा बुडे. अशा वेळी तो अंथरुणात बसून चित्रे काढी आणि मावशी त्याला उत्तेजन देई.

१८७७ साली दुसरा आघात झाला. एडव्हार्डची थोरली बहीण सोफी हिलाही क्षयाने गाठले. आई गेल्यापासून या बहिणीवर त्याचा फार जीव होता. पंधराव्या वर्षी सोफीने जगाचा निरोप घेतला. अखेरच्या दिवसांत ती ज्या वेताच्या खुर्चीत बसे, ती खुर्ची एडव्हार्डने जन्मभर जपून ठेवली.

मुलाने अभियंता व्हावे अशी वडिलांची इच्छा होती. त्याप्रमाणे १८७९ साली तो तंत्रविद्यालयात दाखल झाला. परंतु प्रकृती साथ देईना आणि मनही रमेना. दुसऱ्याच वर्षी त्याने ते शिक्षण सोडले आणि चित्रकार होण्याचा निश्चय आपल्या रोजनिशीत नोंदवला. वडिलांना हा मार्ग पसंत नव्हता. तथापि मुलाचा निर्धार ढळला नाही. तो कलाशाळेत जाऊ लागला. ख्रिस्तियान क्रोग या नामवंत चित्रकाराचे मार्गदर्शनही त्याला लाभले.

त्या काळी नॉर्वेतील चित्रकार जे डोळ्यांना दिसते ते हुबेहूब उतरविण्यात धन्यता मानीत. वस्त्राची घडी, काचेवरची चकाकी, हाताची बोटे, सारे कसे रेखीव हवे. मुंकनेही ही विद्या आत्मसात केली. पण त्याच्या मनात एक दृश्य घर करून बसले होते. ते सोफीच्या आजारपणाचे होते.

१८८५ साली त्याने ते चित्र रंगवावयास घेतले. पांढऱ्या उशीला टेकून बसलेली तांबूस केसांची एक फिकट मुलगी आणि तिच्या शेजारी मान खाली घातलेली एक स्त्री, एवढाच विषय. पण मनात जे होते ते फलकावर उतरेना. तो रंग लावी, खरवडून काढी, पुन्हा लावी. असे जवळजवळ वर्षभर चालले. अखेर त्याने टेबलावरील बाटली, पेला इत्यादी वस्तूंचा रेखीवपणा सोडून दिला. स्त्रीचा चेहरा दाखविलाच नाही. खरवडल्याच्या खुणाही तशाच राहू दिल्या. जणू डोळ्यांत पाणी तरळत असताना दिसावे, तसे ते दृश्य धूसर दिसत होते.

१८८६ साली राजधानीतील प्रदर्शनात हे चित्र झळकले आणि टीकेचे मोहोळ उठले. वृत्तपत्रांनी त्याची हेटाळणी केली. प्रेक्षक चित्रापुढे उभे राहून हसू लागले. हे चित्र नसून कच्चा आराखडा आहे, असा बहुतेकांचा निर्वाळा होता. हे टीकाकार अडाणी होते असे नव्हे. चित्र जितके रेखीव तितके चांगले, हे एकच माप त्यांच्या हाती होते आणि त्या मापात मुंकचे चित्र बसत नव्हते. ते माप या चित्राला लागू पडते की नाही, हा प्रश्न त्यांनी स्वतःला विचारला नाही.

ज्या थोड्या लोकांनी मुंकची पाठराखण केली, त्यांत ख्रिस्तियान क्रोग अग्रभागी होता. क्रोगनेही १८८१ साली एका आजारी मुलीचे चित्र काढले होते आणि ते अत्यंत रेखीव होते. क्षयाने गेलेल्या बहिणीचे दुःख त्यालाही ठाऊक होते. आपल्याहून सर्वस्वी निराळ्या पद्धतीने काढलेल्या चित्राचा मोठेपणा त्याने ओळखला, यात त्याच्या रसिकतेची खरी कसोटी लागली.

१८८९ साली सरकारी शिष्यवृत्ती मिळून मुंक पॅरिसला गेला. थोड्याच दिवसांत वडिलांच्या निधनाची वार्ता आली. त्या शोकाच्या काळात त्याने आपल्या वहीत एक संकल्प लिहिला. घरात बसून वाचणारी माणसे आणि विणकाम करणाऱ्या स्त्रिया यांची चित्रे आता पुरे. जी माणसे श्वास घेतात, सोसतात आणि प्रेम करतात, त्यांचीच चित्रे यापुढे आपण काढू, असा त्याचा आशय होता.

१८९२ साली बर्लिनमधील कलावंतांच्या संघाने त्याला प्रदर्शनासाठी निमंत्रण दिले. मुंक आपली ५५ चित्रे घेऊन गेला. ती पाहताच संघातील जुन्या मंडळींचा संताप अनावर झाला. सभा भरली, मते मोजली गेली. प्रदर्शन बंद करावे या बाजूने १२० आणि विरुद्ध १०५ मते पडली. आठवड्याच्या आत प्रदर्शनाला टाळे लागले. पण निषेधाचा परिणाम उलटाच झाला. जर्मनीभर वृत्तपत्रांतून मुंकचे नाव गाजले आणि इतर नगरांतून त्याच्या चित्रांना बोलावणी आली. याहून चांगली जाहिरात झाली नसती, असे त्याने घरी पत्रातून कळविले.

दोनच वर्षांनी, १८९४ साली, बर्लिनमध्ये मुंकच्या चित्रांवरील पहिले पुस्तक निघाले. स्तानिस्लाव्ह प्शिबिशेव्हस्की या पोलिश लेखकाने ते संपादित केले होते आणि त्यात चौघांचे लेख होते. चौघांपैकी यूलियस मायर-ग्रेफ हा पुढे आधुनिक कलेचा थोर इतिहासकार म्हणून ख्यातनाम झाला. मुंक बाहेरच्या वस्तू रंगवीत नाही, मनात उसळणाऱ्या भावना रंगवितो. म्हणून त्याची चित्रे जुन्या मापाने मोजू नयेत, असे संपादकाचे सांगणे होते. तिशीतल्या तरुण चित्रकारावर असा ग्रंथ निघावा, ही त्या काळी असामान्य गोष्ट होती.

याच सुमारास, १८९३ साली, मुंकने 'किंकाळी' हे आपले सर्वांत प्रसिद्ध चित्र रंगविले. एकदा सायंकाळी तो दोन मित्रांसह फिरावयास गेला होता. सूर्य मावळताच आकाश रक्तासारखे लाल झाले. मित्र पुढे निघून गेले. मुंक मात्र भीतीने थरथरत उभा राहिला. सबंध सृष्टीतून एक अफाट किंकाळी घुमत आहे, असा त्याला भास झाला. चित्रातील आकृतीने दोन्ही हात कानांवर गच्च दाबून धरले आहेत. आकाशाच्या व पाण्याच्या रेषा नागमोडी आहेत. पुलाचा कठडा मात्र सरळ आहे आणि त्यावरून दोघे मित्र निश्चिंतपणे चालले आहेत. एकाच जागी एकाला जे जाणवते, ते दुसऱ्याच्या गावीही नसते, ही गोष्ट या चित्रात किती साध्या रीतीने सांगितली आहे!

१८९५ साली मुंकने आपली चित्रे मायदेशी मांडली. तेव्हा विद्यार्थ्यांच्या एका सभेत वाद झाला आणि या चित्रकाराची बुद्धी ठिकाणावर आहे काय, असा प्रश्न एका वैद्यकीय विद्यार्थ्याने विचारला. तो प्रश्न मुंकच्या जिव्हारी लागला, कारण त्याची एक बहीण खरोखरीच मानसिक व्याधीने ग्रस्त होती. 'किंकाळी'च्या वरच्या कोपऱ्यात पेन्सिलीने लिहिलेली एक बारीक ओळ आहे. केवळ वेडाच असले चित्र काढू शकेल, असा तिचा अर्थ. ही ओळ कोणा चिडलेल्या प्रेक्षकाने लिहिली असावी, असा पुष्कळ दिवस समज होता. २०२१ साली ओस्लोच्या राष्ट्रीय संग्रहालयातील तज्ज्ञांनी हस्ताक्षर ताडून पाहिले, तेव्हा ते स्वतः मुंकचेच असल्याचे सिद्ध झाले. लोकांचे बोचरे शब्द त्याने विसरून टाकले नव्हते. चित्रावर लिहून ठेवले होते. पण त्या शब्दांपायी त्याने चित्र मात्र बदलले नाही.

अतिश्रम, मनस्ताप आणि मद्यपान यांनी अखेर त्याचे शरीर खचले. १९०८ साली कोपनहेगन येथे त्याला कित्येक महिने रुग्णालयात राहावे लागले. बरा होऊन १९०९ साली तो नॉर्वेला परतला. यानंतर त्याच्या चित्रांत उजेड आला. राजधानीतील विद्यापीठाच्या सभागृहासाठी त्याने ११ भव्य चित्रे रंगविली. ती १९१६ साली पूर्ण झाली. त्यांतील मधल्या चित्रात समुद्रावर उगवणारा, दशदिशांना किरणे फेकणारा सूर्य आहे.

दरम्यान जगाची दृष्टीही पालटली होती. जर्मनीतील तरुण चित्रकार मनातील भाव उत्कट रंगांनी प्रकट करू लागले होते. या पंथाला पुढे अभिव्यक्तिवाद असे नाव मिळाले. मुंककडे हे तरुण आपला पूर्वसूरी म्हणून पाहत. १९१२ साली कोलोन येथील मोठ्या प्रदर्शनात मुंकच्या ३२ चित्रांसाठी स्वतंत्र दालन देण्यात आले. त्याच्यावरील पुस्तकेही वाढू लागली. हॅम्बुर्गचे एक न्यायाधीश गुस्ताव शीफ्लर यांनी मुंकच्या छापचित्रांची चिकाटीने पाहणी करून १९०७ साली त्यांची तपशीलवार सूची प्रसिद्ध केली. या पुस्तकात ना उदोउदो होता ना निंदा. होते ते शांतपणे पाहणे आणि नोंदविणे. ओस्लोच्या राष्ट्रीय चित्रसंग्रहाचे संचालक येन्स थीस यांनी १९३३ साली, मुंकच्या सत्तराव्या वर्षी, त्याचे बृहत् चरित्र लिहिले.

तथापि संकटे संपली नव्हती. जर्मनीत हिटलरची सत्ता आली. नव्या राज्यकर्त्यांनी आधुनिक कलेला अधःपतित ठरविले आणि १९३७ साली तेथील संग्रहालयांतून मुंकच्या ८२ कृती जप्त केल्या. त्यांत ड्रेस्डेनच्या संग्रहालयातील आजारी मुलीचे चित्रही होते. ते एका नॉर्वेजियन गृहस्थाने विकत घेतले आणि १९३९ साली लंडनच्या टेट संग्रहालयाला अर्पण केले. पुढे १९४० साली जर्मन सैन्याने नॉर्वेही व्यापला. त्याच महिन्यात वृद्ध मुंकने मृत्युपत्र करून आपल्याजवळची सारी चित्रे ओस्लो नगरीला देऊन टाकली. २३ जानेवारी १९४४ रोजी, वयाच्या ऐंशीव्या वर्षी, त्याचे देहावसान झाले. त्याच्या घरात एक हजारांहून अधिक रंगचित्रे आणि हजारो छापचित्रे व रेखाटने सापडली. त्यांसाठी १९६३ साली ओस्लोत मुंक संग्रहालय उभे राहिले आणि २०२१ साली ते समुद्रकाठच्या नव्या वास्तूत गेले.

ज्या चित्राला लोक हसले, ते आजारी मुलीचे चित्र मुंकने पुढील चाळीस वर्षांत आणखी पाच वेळा रंगविले. पहिल्या हेटाळणीने तो खचला असता, तर ही चित्रे जन्मास आली नसती. हसणाऱ्यांची नावे आज बहुतेकांना ठाऊक नाहीत. पण आपल्याहून निराळे चित्र काढणाऱ्या तरुणाच्या बाजूने उभा राहिलेल्या क्रोगचे नाव मुंकच्या चरित्रात कायमचे कोरले गेले आहे. नव्या कृतीविषयी मत देण्यापूर्वी ती धीराने पाहावी लागते. चित्र काढणाऱ्याला जसे धैर्य लागते, तसे ते पाहणाऱ्यालाही लागते.